विहीणबाईंचा बटवा

वस्तूची खरी किंमत ओळखणारं माणूस अख्ख्या रायपुरात एकच आहे, आणि ती माझी विहीण आहे हे माझं नशीब. सोनार चुकतो, जमिनीचा दलाल चुकतो, मुलगी पाहायला आलेली मंडळी तर हमखास चुकतात; ही बाई चुकत नाही. विहिणीचं कौतुक करायची आपल्यात रीत नाही, आणि कोणाचंच कौतुक करायची मला सवय नाही. माझ्या लेकीच्या लग्नात यांनी भर पंगतीत जिलबीचा एक तुकडा मोडून "पाक कच्चा आहे" असं मांडवभर ऐकू जाईल असं सांगितलं होतं. ते मी अजून विसरले नाही. पण लिहायला बसलं की खरं लिहावं, आणि पाक कच्चाच होता.

पंडरीच्या कापडबाजारात त्यांचं साड्यांचं ठोक दुकान होतं. नवरा गेल्यावर त्या स्वतः गादीवर बसल्या आणि गुडघे नाही म्हणेपर्यंत बसल्या. आता दुकान विकलं, आणि त्या तेलीबांध्याला मुलाच्या फ्लॅटमध्ये असतात. मुलगा म्हणजे माझा जावई, सून म्हणजे माझी लेक, आणि त्या दोघांची एकुलती एक पोट्टी ही आम्हा दोघींची सामाईक नात. मी बूढ़ापाऱ्यात एकटी राहते. दर रविवारी विहीणबाई ई-रिक्षात बसून माझ्याकडे येतात, भाव न ठरवता बसतात आणि उतरताना जे योग्य तेवढेच पैसे देतात. आजवर एकही रिक्षावाला भांडला नाही. "अम्मा ने दिया है तो ठीक ही होगा," असं एकाने मला सांगितलं, तेव्हाच मी समजले की ही बाई साधी नाही.

आहेराची साडी काय चीज असते ते बायकांना सांगायला नको. ती नेसायची नसते, फिरवायची असते. एका लग्नात आली की कपाटात जाते आणि दुसऱ्या लग्नात बाहेर पडते. विहीणबाईंनी यावर जन्मभर पाळत ठेवली. आहेराला द्यायच्या साडीच्या आतल्या घडीत, दोन पदर एकत्र धरून, त्या निळ्या दोऱ्याचा एकच टाका घालत. कोणी साडी उलगडली तर टाका तुटणार. साडी फिरत फिरत परत आली आणि टाका शाबूत असला, तर कोणी घडी मोडलीच नाही हे सिद्ध. माझ्या पुतण्याच्या मुंजीत मी त्यांना एक पोपटी साडी दिली. त्यांनी तिथेच बोट आत घालून पाहिलं आणि शांतपणे म्हणाल्या, "विहीणबाई, ही मी तुम्हाले वास्तूच्या वेळेस दिली होती. तुम्ही धाकट्या जावेले दिली, जावेनं भिलाईच्या नणंदेले, नणंदेनं तुमच्या भाचीच्या डोहाळजेवणात पुन्हा तुमच्याच हातात ठेवली. चार घरं फिरली बाप्पा, पण एकीच्याही अंगाला लागली नाही." मला धरणी दुभंगेल तर बरं असं झालं. पण त्या अवस्थेतही माझ्या मनात आलं की भिलाईचं हिला कळलं कसं? चौकशी, फक्त चौकशी. या लग्नात एक प्रश्न, त्या बारशात एक प्रश्न. पोलिसांनी यांना नोकरीला ठेवायला हवं होतं.

अशा बाईच्या हाती तो फोन आला. नात तेव्हा कॉलेजात होती. काळा चष्मा घातलेल्या मांजराचं एक चित्र फोनवर दाखवून ती आजीला सांगत होती की असलं चित्र लोक लाखांत विकत घेतात. विहीणबाई शेंगा निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "फोटो तं कोणीही काढून घेईल त्याचा."

"घेऊ दे ना आजी. पर मालिक एकच. किससे लिया, कब लिया, कितने में लिया, सब लिखा रहता है. कोणी मिटवू शकत नाही."

विहीणबाईंचा हात थांबला. "कोणीच नाही?"

"कोणीच नाही."

"आन् कोणालेही पाहता येते?"

"हव. तुला पण."

त्यांनी शेंगांचं ताट बाजूला सारलं, उठून हात धुतले, पदराला पुसले आणि फोन हातात घेतला. "मी जन्मभर टाके घालत बसली," त्या म्हणाल्या, "आन् या लोकायनं त्याचं यंत्र काढलं."

त्या यंत्राला ब्लॉकचेन म्हणतात. माझं शिक्षण चौथीपर्यंत, त्यामुळे मला समजलं ते असं: गावात एक वही, आणि तिची नक्कल हजार घरांत. कोणी आपल्या घरच्या वहीत खाडाखोड केली तर बाकीची घरं आपापली वही उघडून दाखवतात. विहीणबाई म्हणाल्या, बरोबर समजलं. त्यांनी मला कशालाही "बरोबर" म्हणण्याची ही पहिलीच वेळ, म्हणून तारीख लिहून ठेवायला हवी होती.

चित्र घ्यायचं तर फोनमध्ये एक बटवा उघडावा लागतो. लोक त्याला वॉलेट म्हणतात, त्या बटवाच म्हणतात. या बटव्याला बारा इंग्रजी शब्दांची किल्ली असते. फोन बिघडला, हरवला, तरी ते बारा शब्द त्याच क्रमाने सांगितले की बटवा दुसऱ्या फोनवर उघडतो. शब्द गेले की सगळं गेलं, आणि शब्द दुसऱ्याला कळले तरी सगळं गेलं. नात म्हणाली, कागदावर लिहून लॉकरमध्ये ठेव. विहीणबाईंचा कागदावर विश्वास नाही. कागद भिजतो, जळतो, वाळवी खाते. त्यांनी स्टीलच्या बारा वाट्या काढल्या, लहानीपासून मोठीपर्यंत, आणि भांड्यांवर नावं घालणाऱ्या तीन वेगवेगळ्या माणसांकडून प्रत्येकीच्या बुडाला एकेक शब्द कोरून आणला, देवनागरीत. एकाने विचारलं, "अम्मा, ये कैसा नाम है?" या म्हणाल्या, "दूर के रिश्तेदार हैं." वाट्यांचा क्रम हाच शब्दांचा क्रम. इतकी पक्की तिजोरी कोणत्याही बँकेत नसेल. आणि ती कुठे ठेवली, तर स्वयंपाकघरात, मांडणीवर, सगळ्यांसमोर.

माझ्या लेकीला यातलं काही माहीत नव्हतं. तिने एक दिवस सातव्या वाटीत कढी घालून मला पाठवली. आठवड्याने विहीणबाईंचा फोन इडलीच्या डाळीत पडला. नवा फोन आला, वाट्या मोजल्या, अकरा भरल्या. त्या भर उन्हात माझ्या दारात उभ्या. घामाने चेहरा लाल.

"विहीणबाई, माझी वाटी!"

"देते नं. पण रिकामी कशी देऊ? लोणचं घातलं आहे, मुरलं की भरून पाठवते."

"रिकामीच द्या!"

"मी काय भिकारी आहे, रिकामी वाटी परत कराले?"

"माझा बटवा बंद पडला आहे हो!"

मला वाटलं, पैसे विसरून आल्या. मी त्यांना रिक्षाचे पन्नास रुपये देऊ केले. शेवटी त्या माझ्या स्वयंपाकघरात घुसल्या, वाटी उपडी केली, बुडावरचं "लॅडर" डोळे मिटून पुटपुटलं आणि खाली बसल्या. पाणी प्यायल्या. मग मुरलेलं नसतानाही लोणचं घेऊन गेल्या, कारण रिकामी वाटी मी खरंच देणार नव्हते. आता त्यांनी बटवा बदलला आहे, नवे शब्द आहेत, म्हणून हे सांगते. नवे कुठे कोरले ते मला माहीत नाही आणि मी विचारलंही नाही.

चित्राची किंमत त्या कशी ठरवतात ते पाहायला त्यांच्या इमारतीतली शिकलेली पोरं येऊन बसतात. दुपारचं जेवण झालं की विहीणबाई फोन हातभर लांब धरतात, चष्मा नाकाच्या टोकावर आणतात आणि आधी चित्राकडे पाहतच नाहीत. आधी घराणं पाहतात. कोणी काढलं, त्याच्याकडून कोणी घेतलं, त्याच्याकडून कोणी. किती दिवस कोणाकडे राहिलं. मग विचारतात, "घडी मोडली काय कोणी?" म्हणजे, नफ्याचा मोह सोडून हे कोणी आपल्याजवळ ठेवून घेतलं का? ज्याने ठेवून घेतलं त्याला ते खरोखर आवडलं. बाकीचे सगळे आहेरवाले. एकदा खालच्या मजल्यावरचा एक तरुण सोनेरी सिंहाचं चित्र घेऊन आला, आठवड्यात पाच हात बदललं आणि प्रत्येक वेळी भाव दुप्पट झाला म्हणून खूश. यांनी अर्धा तास बोटाने खालीवर केलं आणि म्हणाल्या, "भैया, पाँचों खरीदार को पैसा एक ही जगह से गया है. ये बारात नहीं है. एक ही आदमी पाँच बार कपड़े बदलके नाच रहा है." तो रागावून गेला. महिन्याभराने त्या सिंहाला कोणी फुकट घेईना. तो पोरगा आता जिन्यात यांच्या पाया पडतो. मी स्वतः पाहिलं आहे. माझ्या पाया आजवर कोणी जिन्यात पडलेलं नाही.

त्यांच्या तोंडून "चांगलं आहे" हा शब्द मी कधी ऐकला नव्हता. "ठीक आहे" हा त्यांचा सर्वोच्च शेरा. म्हणूनच त्या रविवारी मला संशय आला.

नात आता नवा रायपूरला एका ऑफिसात नोकरी करते. सोबत चित्रं काढते, फोनवरच, बोटाने. दुपारी बंद असलेली दुकानं काढते ती: अर्धं गंजलेलं शटर, कुलूप, पायरीवर झोपलेलं कुत्रं, उन्हात वाळत टाकलेला पोछा. तिने अशी आठ चित्रं या बाजारात ठेवली होती आणि आठही विकली गेली. पहिलं समोशाच्या भावात गेलं, आणि आठवं धुलाई यंत्राच्या. ती नाचतच माझ्या घरात शिरली. विहीणबाई आधीच येऊन बसल्या होत्या.

"दोनों आजी सुनो! मी नोकरी सोडून राहिली. मेल लिहून ठेवला आहे, उद्या सकाळी पाठवते. अब सिर्फ ड्रॉइंग!"

"आईबापाले विचारलं?" मी म्हटलं.

"पापा तो बोले, जो मन में आए कर."

विहीणबाईंनी हात पुढे केला. नातीने फोन दिला. चष्मा नाकाच्या टोकावर आला, बोट खालीवर फिरू लागलं. मग बोट थांबलं. मग त्यांनी फोन उपडा ठेवला आणि म्हणाल्या, "चांगलं आहे."

मी नातीला गुपचूप, म्हणजे आमच्याकडची पाणीपुरी, आणायला कोपऱ्यावरच्या ठेल्यावर पिटाळलं. गुपचूप म्हटलं की ती लहानपणापासून काही न विचारता पळते. ती बाहेर पडल्यावर मी विचारलं, "काय झालं?"

"आठातली सात चित्रं एकाच बटव्यानं घेतली," त्या म्हणाल्या. "आन् तो बटवा तुमच्या जावयाचा आहे."

मला आधी कळलंच नाही. मग कळलं. बापाने लेकीची चित्रं चोरून विकत घेतली होती, दर वेळी थोडा जास्त भाव देऊन, म्हणजे पोरीला वाटावं आपली चढती कमान आहे. माझा जावई तसा अबोल माणूस. लग्नाला इतकी वर्षं झाली, माझ्यासमोर त्याने सलग चार वाक्यं बोललेली मला आठवत नाहीत. जे तोंडाने जमलं नाही ते त्याने असं केलं.

"तर सांगून टाका तिला," मी म्हटलं. "उद्या नोकरी गेली की बाप किती दिवस पुरणार आहे?"

"मी सांगितलं तर तिचा हात थांबन," विहीणबाई म्हणाल्या. "पुन्हा चित्र नाही काढणार ते. नाही सांगितलं तर नोकरी जाईन. बापाचं नाव घेतलं तर बाप तोंडघशी पडन." आणि मी आयुष्यात पहिल्यांदा त्या बाईला पदर बोटाला गुंडाळत बसलेलं पाहिलं. माणसांच्या तोंडावर "पाक कच्चा" म्हणणारी ही बाई. मी भांडी आवरायला लागले.

नात गुपचूप घेऊन आली. विहीणबाईंनी आधी तिला खाऊ दिलं, सगळं, शेवटचं पाणी पिईपर्यंत. मग जवळ बसवलं आणि फोन तिच्याच हातात दिला.

"मी किती चित्रायचं घराणं पाहिलं, तुले एकदाही शिकवलं नाही. आज शिक. तुह्यं शेवटचं चित्र कोण्या बटव्यात आहे?"

नातीने उघडून दाखवलं.

"तो बटवा पहिल्यांदा कधी उघडला?"

"अं... मैंने पहला ड्रॉइंग डाला ना, उसी हफ्ते."

"बरं. त्याच्यात पहिला पैसा कुठून आला? त्याच्यावर बोट ठेव."

तिने ठेवलं. दुसरा एक बटवा उघडला. त्याच्या नावाला नाव नसतं, नुसती अक्षरं आणि आकडे, पण शेवटची चार अक्षरं पाहून पोरगी जागच्या जागी बसून राहिली. तो बटवा तिनेच बापाच्या वाढदिवसाला उघडून दिला होता.

"पापा?" ती म्हणाली. मग हळूच, "सब पापा ने?"

तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आवाज नाही, नुसतं पाणी. मी डोळे पुसायला नॅपकिन दिला. अशा वेळी दुसरं काय करायचं असतं मला माहीत नाही.

"सब नाही," विहीणबाई म्हणाल्या. "सात. दुसऱ्या नंबरचं पाहा, कुत्रं झोपलेलं."

ते चित्र वेगळ्याच बटव्यात होतं. कोणाचा, कुठला, काही पत्ता नाही. जुना बटवा, आपल्या लोकांशी त्याचं काही देणंघेणं नाही. त्याने ते चहानाश्त्याच्या भावात घेतलं होतं आणि तसंच ठेवलं होतं.

"आता खाली पाहा. त्याले ते विकत मागणारे कोण आले?"

नातीने पाहिलं आणि रडता रडता हसली. बापाने ते चित्रही तीनदा मागितलं होतं. शेवटच्या वेळी वीसपट भावाने. त्या परक्या माणसाने तिन्ही वेळा दिलं नाही.

"सात चित्रं तुह्या बापानं घेतली, ते तुह्यासाठी," विहीणबाई म्हणाल्या. "हे एक ज्यानं घेतलं, त्यानं कुत्र्यासाठी घेतलं. त्यानं घडी मोडली. मी या बाजारात इतकी चित्रं पाहिली, वीसपटीले नाही म्हणणारा माणूस दोनदा भेटला मले. एक हा."

"तो मैं क्या करूँ, आजी?"

"मले किंमत विचार, ते सांगतो. काय करू, हे नको विचारू."

मी तिथे तिचा ओला नॅपकिन हातात घेऊन उभी होते. या बाईने नातीला एकही कडू शब्द सांगितला नाही, एकही गोड खोटं सांगितलं नाही. स्वतःचे डोळे काढून तिच्या हातात दिले आणि म्हणाली, तूच पाहा. मी असते तर दोन वाक्यांत सगळं सांगून मोकळी झाले असते आणि पोरगी वर्षभर माझ्या दारात आली नसती.

सोमवारी नात ऑफिसला गेली. मेल पाठवला नाही. बापाला काही बोलली नाही, आणि आम्हालाही बोलू नका म्हणाली. दोन महिने तिने नवं चित्र बाजारात टाकलं नाही. विहीणबाई रविवारी येत, फोन पाहत आणि पिशवीत ठेवत. मी विचारत नसे. मला वाटलं, हात थांबला तिचा.

मग एका रविवारी त्या जिना चढतानाच मला हाका मारत आल्या. नवव्या चित्राची नोंद दिसत होती. पोरीने ते विकायला ठेवलंच नव्हतं. काढलं, आणि सरळ बापाच्या त्या लपवलेल्या बटव्यात पाठवून दिलं. म्हणजे त्याला कळलं की हिला कळलं आहे. एका घरात, एका भिंतीच्या दोन बाजूंना झोपणारी ती दोघं. त्याबद्दल अजूनही एक शब्द बोललेली नाहीत, असं माझी लेक सांगते. फक्त जावई आता रोज सकाळी तिला स्कूटरवर बसस्टॉपपर्यंत सोडतो.

विहीणबाईंनी फोन माझ्यासमोर धरला. चित्रात दुकानाचं शटर या वेळी अर्धं उघडं होतं. आत अंधार, आणि बाहेर पायरीवर पुरुषाच्या चपलांचा एक जोड.

"जावयाच्या आहेत," मी म्हटलं.

"हव. डावी टाच आतून झिजली आहे, पाहा. तसंच चालते तो." त्यांनी चित्र बोटांनी मोठं केलं, आणखी मोठं केलं, इतकं की पडद्यावर फक्त ती झिजलेली टाच राहिली. "याचा बापही तसाच चालायचा. दुकानातून उठून घरी यायचा तं मी आतूनच आवाजावरून ओळखायची."

इतक्या वर्षांत त्यांनी माझ्यासमोर नवऱ्याचं नाव काढलं नव्हतं. त्या फोनकडे पाहत बसल्या. मी उठून चहाचं आधण ठेवलं, आणि दूध उतू जाईपर्यंत परत बाहेर गेले नाही.